बदली : हुकूम एका ओळीचा, पुरावा मात्र कर्मचाऱ्याने द्यायचा

बदलीच्या आदेशात एक शब्दप्रयोग हमखास असतो : ‘प्रशासकीय कारणास्तव’. आज आपण या दोन शब्दांकडे जरा संशयाने पाहणार आहोत, आणि न्यायालयं त्यांच्याकडे कशी पाहतात तेही तपासणार आहोत.

न्यायालयाची मूळ भूमिका अगदी सरळ आहे. बदली हा नोकरीचाच भाग आहे, अमुक ठिकाणीच राहण्याचा हक्क कुणालाही नाही. शिलाँगहून पौडीला बदली झालेल्या केंद्र सरकारच्या एका कर्मचाऱ्याने 1993 साली पत्नीची नोकरी, मुलांचं शिक्षण, तब्येत अशी कारणं मांडली. सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की नवरा-बायकोला शक्यतो एका ठिकाणी ठेवावं अशी मार्गदर्शक तत्त्वं आहेत खरी, पण त्यांतून हक्क निर्माण होत नाही. बदली दुष्ट हेतूने झाली असेल किंवा कायद्यातल्या बंधनकारक तरतुदीचा भंग झाला असेल, तरच न्यायालय हात घालतं.

ही भूमिका आम्हाला चुकीची वाटत नाही. प्रत्येक बदलीवर न्यायाधीश बसले तर डोंगरातल्या शाळेत शिक्षक आणि दुर्गम आरोग्य केंद्रात डॉक्टर जाणार कोण? आमचा आक्षेप पुढच्या पायरीवर आहे. दुष्ट हेतू सिद्ध कुणी करायचा? तर ज्याची बदली झाली त्याने. आणि त्याचा पुरावा कुठे असतो? फायलीत. फाईल कुणाच्या कपाटात? ज्याने बदली केली त्याच्या! म्हणजे कुलूप तुमच्या दाराला आणि किल्ली समोरच्याच्या खिशात.

बरं, दाद मागेपर्यंत जागेवर थांबावं, तर तेही नाही. गुजरात विद्युत मंडळाच्या 1989 च्या निकालात न्यायालयाने स्पष्ट केलं की स्थगिती मिळाली नसेल तर आधी रुजू व्हायचं, निवेदन दिलंय म्हणून थांबायचं नाही. त्या कर्मचाऱ्याची नोकरी गेली ती कायमचीच. शिस्तीच्या दृष्टीने नियम समजण्याजोगा आहे. पण हे दोन नियम एकत्र वाचा : पुरावा तुम्ही द्या, आणि तो मिळेपर्यंत सामान बांधा.

इथे 2009 चा एक निकाल महत्त्वाचा. निनावी तक्रारीवरून एका अधिकाऱ्याला भोपाळहून शिलाँगला पाठवलं. चौकशीत तक्रारीत तथ्य निघालं नाही, तरी बदली कायम. न्यायालयाने ती रद्द केली. कुणाच्या मनात वैर होतं हे शोधत न बसता, आदेशाचा आधारच गैरलागू आहे, एवढं पुरेसं मानलं. यालाच कायद्याच्या दृष्टीने दुष्ट हेतू म्हणतात. आमच्या मते वाट हीच आहे : मनात काय होतं ते विचारू नका, कागदावर काय आहे ते विचारा.

पंजाब अँड सिंध बँकेच्या खटल्यात हे आणखी ठळक दिसतं. इंदूरमधल्या एका महिला अधिकाऱ्याने शाखेतल्या खात्यांमधल्या गैरव्यवहारांबद्दल वरिष्ठांना कळवलं, लैंगिक छळाची तक्रारही केली. डिसेंबर 2017 मध्ये तिची बदली जबलपूर जिल्ह्यातल्या अशा शाखेत झाली, जिथलं पद तिच्या श्रेणीपेक्षा कितीतरी खालच्या श्रेणीचं होतं. फेब्रुवारी 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बदली रद्द ठेवली, तिला इंदूरला परत आणलं आणि 50 हजार रुपये खर्चही द्यायला लावला. निकाल उत्तमच. पण मधली दोन वर्षं? ती कोणत्या आदेशाने परत मिळतात? बदली शिक्षा म्हणून वापरणाऱ्याला हे गणित पक्कं ठाऊक असतं.

आपल्या महाराष्ट्राने यावर एक चांगला उपाय केला होता. 2005 चा बदल्यांचा कायदा 1 जुलै 2006 पासून लागू झाला. साधारण तीन वर्षांचा कार्यकाळ, बदल्या एप्रिल-मे महिन्यांत, आणि मुदतीआधी हलवायचं तर कारण लेखी नोंदवून वरच्या अधिकाऱ्याची पूर्वमान्यता. त्यामुळे मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात गेलेल्या माणसाला कुणाचं मन उकलावं लागत नाही. कारण नोंदवलंय का, मान्यता आधी घेतली का, एवढं विचारता येतं.

पण याच कायद्यात ‘विशेष कारण’ नावाचं दारही आहे, आणि दार किती उघडायचं हे दारात उभा असलेलाच ठरवतो. शिवाय राष्ट्रीयीकृत बँका किंवा केंद्राचे उपक्रम यांना हा कायदा लागूच नाही. त्या इंदूरच्या अधिकाऱ्याच्या हाताशी असं एकही कलम नव्हतं.

म्हणून आमची मागणी छोटी आहे. बदलीचा अधिकार सरकारकडेच राहू द्या. फक्त मुदतीआधीच्या प्रत्येक बदलीचं कारण आदेशातच लिहा, आणि कर्मचाऱ्याने आधी तक्रार केली असेल तर बदलीचा त्या तक्रारीशी संबंध नाही हे व्यवस्थापनाने सिद्ध करावं. ज्याच्याकडे फाईल आहे, त्यानेच ती उघडावी. प्रामाणिक अधिकाऱ्याला यात घाबरण्यासारखं काय आहे?