‘बंड’ कोणाचे?

कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांच्या ‘बायकांचे बंड’ (१९०७) या नाटकाला उत्तर म्हणून गिरिजाबाई केळकर यांनी १९१३ साली ‘पुरुषांचे बंड’ हे नाटक लिहिले. या दोन नाटकांची तुलना बहुधा कथानकाच्या अंगाने केली जाते. प्रस्तुत टिपणात केवळ त्यांच्या नावांचा विचार करावयाचा आहे. कारण विसाव्या शतकाच्या आरंभी सुशिक्षित तरुण स्त्रीचे स्थान कसे पालटत होते, आणि तो पालट कोठे अडत होता, याची खूण या नावांतच सापडते.

‘बंड’ या शब्दात एक गृहीत दडलेले आहे. बंड करते ती प्रजा. राजा बंड करीत नाही. ‘बायकांचे बंड’ म्हणताच पुरुषांची सत्ता ही स्वाभाविक व्यवस्था ठरते. गिरिजाबाईंनी षष्ठ्यन्त पद तेवढे बदलले. पुरुष बंड करीत असतील, तर राज्य बायकांचे असले पाहिजे! हे केवळ विडंबन नव्हे; प्रतिपक्षाच्याच शब्दाने त्याचे गृहीत उघडे पाडणारा तो युक्तिवाद होय.

परंतु हे राज्य कोणते? उत्तर येते, घराचे. ‘गृहिणीभूषण’ हे त्यांच्याच एका पुस्तकाचे नाव तीच सीमा सुचविते. प्रत्यक्षात ही सीमा त्यांनी स्वतः ओलांडली होती. जळगावी त्यांनी भगिनी मंडळ स्थापन केले; १९२८ साली मुंबईच्या नाट्यसंमेलनाचे अध्यक्षपद भूषविले. लेखिकेचे आयुष्य तिच्या परिभाषेच्या पुढे गेले, असे म्हणावयास हरकत नाही.

त्याच काळी जळगावनजीक आसोद्याच्या बहिणाबाई चौधरी (१८८०–१९५१) जात्यावर आणि शेतात गाणी रचीत होत्या. त्यांना लिहितावाचता येत नव्हते. त्यांची गाणी १९५२ साली ग्रंथरूप झाली. त्यांच्या जीवनात घर आणि शेत अशी फाळणीच संभवत नाही. दोंडाईच्याच्या परिसरातील अहिराणी बोलणाऱ्या शेतकरी स्त्रीविषयीही हेच म्हणता येईल. ‘गृहिणी’ हा शब्द तिला पुरत नाही. उंबरठा ओलांडणे ही तिच्या दृष्टीने क्रांती नव्हे, रोजचे काम आहे.

म्हणून ‘स्त्रीचे बदलते स्थान’ हा विषय हाती घेणाऱ्या अभ्यासकाने प्रथम हे पाहावे की, आपल्या साधनांतील ‘स्त्री’ या शब्दाने कोणाचा बोध होतो. छापील ग्रंथांवरच विसंबल्यास एका वर्गाचा इतिहास सर्वांचा म्हणून लिहिला जाईल, आणि ती चूक केवळ शब्दांची राहणार नाही.