डोळ्यांची इयत्ता

जहांगीर कलादालनात एखाद्या दुपारी चित्रांकडे पाठ करून नुसती माणसं बघत उभं राहावं. बहुतेकांची मान आधी चित्राशेजारच्या चिठ्ठीकडे वळते. शीर्षक, माध्यम, किंमत. मग चित्रावर एक नजर, मग मोबाइल वर, फोटो, पुढचं चित्र. घाट, देऊळ, बैलगाडी असं ओळखू येणारं काही असलं तर पाय क्षणभर जास्त रेंगाळतात. नसलं आणि चित्रकार हाताशी सापडला, तर त्याच्यापुढे ठरलेला प्रश्न येतो : ‘यातून तुम्हाला काय सांगायचंय?’ चित्रकारही आता सरावलेत. ‘ऊर्जा’, ‘अंतर्मनाचा प्रवास’ असं काहीतरी पुटपुटून ते सुटका करून घेतात. दोन्ही बाजू समाधानी होतात आणि चित्र न पाहिलेलंच राहतं.

या प्रसंगावरून ‘लोकांना मॉडर्न आर्ट कळत नाही’ असा सुस्कारा टाकायची आपल्याकडे जुनी रीत आहे. मला तो सुस्कारा आळशी वाटतो. 1857 साली मुंबईत जे. जे. स्कूल ऑफ आर्ट उभं राहिलं, 1888 मध्ये बॉम्बे आर्ट सोसायटी आली, 1947 मध्ये सूझा, रझा, हुसेन, आरा, बाकरे आणि गाडे यांनी प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप काढला. चित्र काढणाऱ्यांची एवढी सलग परंपरा असलेल्या प्रांतात चित्र पाहणारा मात्र वाऱ्यावर सोडला गेला. हात घडवायला संस्था निघाल्या, परीक्षा आल्या, पदकं आली. डोळा आपसूक घडेल असं सगळ्यांनी गृहीत धरलं.

डोळा आपसूक घडत नाही. खरं म्हणजे आपण समजतो तितकं तो बघतही नाही. हात लांब करून अंगठ्याच्या नखाकडे पाहा. एका वेळी स्वच्छ दिसणारा भाग जवळजवळ तेवढाच असतो. बाकीचं सगळं धूसर, आणि ते धूसर मेंदू अनुभवातून, अंदाजातून भरून काढतो. नजर सेकंदाला तीनेक उड्या मारत फिरते. ती कुठे उतरेल, हे बरंचसं आपण मनात कोणता प्रश्न घेऊन पाहतोय यावर ठरतं. सोव्हिएत शास्त्रज्ञ अल्फ्रेड यार्बुस यांनी हे फार छान दाखवून दिलं. इल्या रेपिन यांचं एक प्रसिद्ध चित्र आहे : हद्दपारीतून परतलेला माणूस अचानक घरात शिरतोय, एक बाई खुर्चीतून उठतेय, मुलं टेबलाशी बसून वर बघतायत. यार्बुस यांनी एकाच प्रेक्षकाला हे चित्र पुन्हापुन्हा दाखवलं, दर वेळी वेगळा प्रश्न विचारून. घरची सांपत्तिक स्थिती कशी वाटते? तेव्हा नजर कपड्यांवर आणि सामानसुमानावर फिरली. माणसांची वयं काय असतील? तेव्हा ती चेहऱ्याचेहऱ्यांवरून फिरली. कागदावर उमटलेले नजरेचे मार्ग शेजारीशेजारी ठेवले, तर ते एकाच चित्राचे वाटत नाहीत.

आता ‘यातून काय सांगायचंय?’ हा प्रश्न घेऊन निघालेली नजर कुठे जाईल? ती चित्रात निरोप शोधेल. निरोप द्यायला माणूस, वस्तू, प्रसंग लागतो. ते नसलं की नजरेला उतरायला जागाच उरत नाही आणि ती चिठ्ठीकडे परतते. म्हणजे दोष डोळ्यांत नाही, त्यांना लावून दिलेल्या प्रश्नात आहे. हा प्रश्न लावून दिला कुणी?

थोडा शाळेनं. एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या चित्रकलेच्या परीक्षा न दिलेला माणूस महाराष्ट्रातल्या मध्यमवर्गीय घरात विरळाच. निदान घरातल्या कुणीतरी दिलेली असतेच. त्यातल्या वस्तुचित्राच्या पेपरबद्दल मला आदर आहे. समोर स्टुलावर तांब्या, एखादं फळ, मागे कापडाची घडी. तांब्याचं तोंड गोल असतं हे मुलाला माहीत असतं, म्हणून ते गोलच काढतं. ड्रॉइंगचे सर मागून येऊन म्हणतात, ‘तुझ्या जागेवरून दिसतंय तसं काढ.’ मग कधीतरी लक्षात येतं की आपल्या बाकावरून ते तोंड चपटं, लांबट दिसतंय, आणि दोन बाक पलीकडच्या मुलीला आणखीच चपटं. माहीत असलेलं आणि दिसणारं यांच्यात फट असते, हे कळण्याचा तो क्षण. कला-इतिहासकार गोम्ब्रिच यांनी 1960 च्या ‘आर्ट अँड इल्यूजन’मध्ये हाच मुद्दा विस्तारानं मांडलाय : चित्रकार आधी मनातला साचा घेऊन येतो आणि मग दिसणाऱ्याशी पडताळत तो दुरुस्त करत जातो. आपल्या तालुक्यातालुक्यांतल्या शाळांतून हा धडा प्रत्यक्ष दिला जात होता, हे काही लहान काम नव्हे.

पण त्याच परीक्षेत स्मरणचित्रही असतं. तिथे दुरुस्तीचा भाग गळून गेला आणि साचा तेवढा राहिला. विषय साधारण ठरलेले : भाजी मंडई, बसथांबा, पावसाळ्यातला रस्ता. क्लासमध्ये आकृत्या घोटून घेतल्या जातात. एक पाठमोरी साडीतली बाई (पाठमोरी, म्हणजे चेहरा काढायची कटकट नाही), एक पिशवीवाला माणूस, एक वाकलेला, एक मूल बोट धरून. मंडई असो की जत्रा, हीच मंडळी जागा बदलून उभी राहतात. गुण चांगले मिळतात. याआधीच्या इयत्तांत निसर्गचित्र असतं : दोन डोंगर, मधून उगवणारा सूर्य, खाली नदी, काठावर झोपडी आणि आकाशात चार-पाच पक्षी. विदर्भातल्या सपाट गावातलं मूलही हेच दोन डोंगर काढतं. त्याच्या खिडकीबाहेर पऱ्हाटीचं शेत असतं, ते कागदावर येत नाही. मूल काही खोटं बोलत नसतं. ‘निसर्ग’ म्हटल्यावर काय काढायचं हे त्याला सांगून झालेलं असतं.

दुसरा वाटा छापखान्याचा. 1894 मध्ये राजा रविवर्म्यांचा छापखाना मुंबईत निघाला, पुढे तो लोणावळ्याजवळ मळवलीला गेला, आणि देवादिकांचे चेहरे भिंतीभिंतींवर पोचले. त्यानंतरच्या पिढ्यांत धुरंधर, मुळगावकर, दलाल. दीनानाथ दलालांना कॅलेंडरवाले म्हणून हिणवणारे अजून भेटतात. त्यांनी दलालांची मुखपृष्ठं एकदा सलग मांडून बघावीत. सपाट रंगांची मांडणी आणि रेषेचा आटोपशीरपणा यांत तो माणूस भल्याभल्यांना भारी होता. अडचण दलालांची नाही, आपण ती मुखपृष्ठं कशी वापरली याची आहे. सुंदर बाई दिसली, दिवाळी आल्याचं कळलं, पान उलटलं. चित्र हे मजकुराच्या आधीचं दार झालं.

पिंगुळीच्या चित्रकथींचा दाखला इथे कोणी देईल : आपली परंपराच कथनाची, चित्र दाखवत गोष्ट सांगायची. खरं आहे. ठाकर समाजातल्या या कलावंतांच्या पोथीतली चित्रं एकेक करून वर धरली जातात, वाद्यं वाजत असतात, रामायण-महाभारत पुढे सरकत असतं. पण तिथे एक चित्र किती वेळ समोर राहतं ते पाहा. निरूपण संपेपर्यंत नजर त्या मोठ्या डोळ्यांच्या, एका बाजूनं दिसणाऱ्या आकृत्यांवरच असते. गोष्ट नजरेला चित्रात धरून ठेवते. आपल्या प्रदर्शनांतली चिठ्ठी नजरेला चित्राबाहेर काढते. परंपरेच्या नावावर हा दोष खपवायला नको.

मग डोळा घडवण्याचं काम समीक्षेनं करायचं होतं. मराठीत सौंदर्यशास्त्राची चर्चा उदंड झाली. मर्ढेकरांचा ‘सौंदर्य आणि साहित्य’, रा. भा. पाटणकरांची ‘सौंदर्यमीमांसा’, त्यावरची खंडनमंडनं. एवढी तालेवार चर्चा फार थोड्या भारतीय भाषांत सापडेल. पण मर्ढेकरांच्या लय-तत्त्वावर वाद घालणारे प्राध्यापक बहुधा साहित्याचे होते, आणि समोर एखादं विशिष्ट चित्र ठेवून त्याच्या डाव्या कोपऱ्यातला तपकिरी रंग तिथे काय करतोय हे सांगणारं लेखन हाताच्या बोटांवर मोजण्याइतकंच झालं. द. ग. गोडसे हा सन्माननीय अपवाद. ‘पोत’ वाचताना माणूस खरोखर बघतोय हे जाणवतं. दुसरा अपवाद प्रभाकर बरवे. ‘कोरा कॅनव्हास’ 1990 मध्ये आलं आणि मराठीला प्रथमच चित्रकाराच्या डोळ्यांमागे बसून जग बघायला मिळालं. पान, घड्याळ, अक्षर या रोजच्या गोष्टी त्यांच्या चित्रांत एकमेकांपासून अंतर राखून असतात, आणि ते अंतरच चित्राचा विषय असतं. ‘घड्याळ म्हणजे काळ का?’ असं विचारणाऱ्याला ही चित्रं दाद देत नाहीत.

बाकी वर्तमानपत्री लेखनाचं काय सांगावं? चित्रकाराचं बालपण, गरिबी, जे. जे., परदेशवारी, आकडा. वासुदेव गायतोंडे हे याचं ठळक उदाहरण. 2013 च्या डिसेंबरात मुंबईतल्या क्रिस्टीजच्या लिलावात त्यांचं चित्र 23 कोटींहून अधिक किमतीला गेलं आणि ज्यांनी त्यांचं नाव ऐकलं नव्हतं त्यांनाही ते पाठ झालं. पुढच्या वर्षी न्यूयॉर्कच्या गुगेनहाइममध्ये त्यांचं मोठं प्रदर्शन भरलं. एकांतवास, झेन, वर्षाला मोजकीच चित्रं या दंतकथा आता सगळ्यांना तोंडपाठ आहेत. चित्राबद्दल मात्र ‘गूढ’ याच्यापुढे गाडी सरकत नाही.

त्यात गूढ फारसं नाही, पण वेळ लागतो. त्यांच्या सत्तरच्या दशकातल्या एखाद्या उभ्या कॅनव्हाससमोर उभे राहा. पहिल्यांदा दिसतो एकच रंग, समजा गेरूकडे झुकणारा पिवळा. अर्ध्या मिनिटात लोक इथूनच परततात. थांबलात तर डोळा त्या पिवळ्याला सरावतो आणि त्यातले भेद उघडायला लागतात : खालचा थर दाट, वरचा रोलरनं इतका पातळ फिरवलेला की खालचं झिरपून वर येतंय. मधल्या पट्ट्यात काही आकार तरंगताना दिसतात. त्यांच्या कडा फाटक्या आहेत, कारण त्यासाठी त्यांनी फाडलेले कागदाचे तुकडे वापरलेत. जवळ गेलं की आकार मोडतात, पृष्ठभाग उरतो. मागे आलं की पुन्हा जुळतात. हे जुळणं-मोडणं हाच तिथला प्रसंग आहे. गायतोंडे स्वतःच्या कामाला अमूर्त म्हणत नसत. मोबाइलच्या फोटोत यातलं काहीही उतरत नाही, थर तर मुळीच नाहीत. म्हणून या चित्रांबद्दल फोटो पाहून बोलणाऱ्यांशी मी वाद घालत नाही.

याच मराठी माणसानं पाहण्याची एक कला मात्र नीट शिकून घेतली : सिनेमा. याचं कारण साधं आहे, तिथे शिकवणारे होते. पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूट 1960 मध्ये आणि राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय 1964 मध्ये सुरू झालं. सतीश बहादूर यांच्यासारख्या शिक्षकानं ‘पथेर पांचाली’ एकेक शॉट उलगडून शिकवला. रसास्वाद शिबिरांतून शिक्षक, कारकून, डॉक्टर, विद्यार्थी बसले. मुंबईत प्रभात चित्र मंडळानं आणि गावोगावच्या फिल्म सोसायट्यांनी चर्चा घडवल्या. यांतल्या बहुतेकांना सिनेमा काढायचा नव्हता. त्यांना फक्त बघायचं होतं, आणि बघण्यासाठी शिक्षण लागतं हे त्यांना मान्य होतं.

त्याचं फळ दिसतं. ‘फँड्री’ चित्रपटात नायक जब्याचं कुटुंब डुक्कर बांबूला बांधून नेतं तेव्हा मागच्या भिंतीवर सावित्रीबाई, आंबेडकर, शाहू, गाडगेबाबा रंगवलेले आहेत. कोणी त्याकडे बोट दाखवत नाही, संगीत उसळत नाही. माणसं भिंतीसमोरून गेली एवढंच. तरी चित्रपट आल्यावर चहाच्या टपरीवरसुद्धा त्या भिंतीची चर्चा झाली. ‘कोर्ट’मधला कॅमेरा दूर उभा राहतो, कोणाकडे बघायचं ते सांगत नाही, आणि प्रेक्षक स्वतः चौकटीत फिरतो. हेच प्रेक्षक कलादालनात गेले की चिठ्ठी शोधतात. डोळे तेच, त्यांना मिळालेली तालीम वेगळी.

तालीम नसली की फार ओळखीचं चित्रही दिसेनासं होतं. वारली चित्रं घ्या. लग्नाचा चौक सवाशिणींनी कुडाच्या भिंतीवर तांदळाच्या पिठानं काढायचा, मध्ये पालघट देवी. जिव्या सोमा म्हशे यांनी ती रेषा कागदावर आणली, जगभर नेली आणि त्यांना पद्मश्रीही मिळाली. आज सोसायटीच्या कुंपणभिंतीवर तारपा नाच आहे, चहाच्या मगवर आहे, उशीच्या अभ्र्यावर आहे. इतक्या ठिकाणी आहे की माणसाच्या आकृतीतल्या त्या दोन त्रिकोणांच्या कमरेत किती वेगवेगळे झोके असू शकतात हे कोणी बघतच नाही.

चित्रकलेला फिल्म सोसायटीसारखं काही देण्याचा प्रयत्न सुधीर पटवर्धनांनी केला. ते ठाण्यात वर्षानुवर्षं रेडिओलॉजिस्ट होते. सावल्यांतून अर्थ काढणं हा त्यांचा पोटापाण्याचाच धंदा होता. 2008-09 मध्ये त्यांनी समकालीन भारतीय चित्रांचं प्रदर्शन महाराष्ट्रातल्या शहरांतून फिरवलं. प्रत्यक्ष चित्रं, छापील प्रती नव्हेत, आणि सोबत बोलायला माणसं. जे लोक मुंबईला कलादालनात कधी जाणार नाहीत त्यांच्या गावात चित्र जाऊन उभं राहिलं. असले उपक्रम एका माणसाच्या उमेदीवर चालतात तोवर चालतात. त्यांची सोय शिक्षणखात्यानं करावी, ही माझी मागणी आहे, आणि ती फार खर्चिकही नाही.

इंटरमिजिएटला आणखी एक पेपर लावा. पेन्सिल, रंग, ब्रश काही नको. वर्गात समोर एक चित्र लावायचं, शक्यतो मूळ, नाहीच जमलं तर उत्तम मोठी प्रत. वेळ एक तास. चित्रकाराचं नाव आणि शीर्षक पर्यवेक्षकांनी सांगू नये. मुलांनी फक्त काय दिसतंय ते लिहायचं, आणि शेवटच्या पंधरा मिनिटांत आधी न दिसलेलं काय दिसलं ते. गुण कसे द्यायचे यावर परीक्षकांची भांडणं होतील. होऊ देत.