फुलांविना फुलदाणी : निर्माता मारँ कार्मित्झ

निर्मात्याविषयी आम्ही तत्त्वज्ञानवाले सहसा बोलत नाही. पैसे घालणारा माणूस, त्यात चिंतन कसलं करायचं! पण मारँ कार्मित्झ यांच्या बाबतीत हा हिशेब चुकतो.

जन्म 1938, बुखारेस्टमधल्या ज्यू कुटुंबात. 1947 मध्ये घरच्यांबरोबर फ्रान्सला आले, तेव्हा वय नऊ. पुढे दिग्दर्शक झाले. 1972 च्या ‘कू पूर कू’मध्ये कापड कारखान्यातल्या बायकांचा संप दाखवला, आणि त्यात खऱ्या कामगार बायकांनाही उभं केलं. मग दिग्दर्शन मागे पडलं. 1974 मध्ये पॅरिसच्या बास्तीय भागात चित्रपटगृह काढलं, एमके2 ही कंपनी उभी राहिली, आणि शाब्रोल, किश्लोव्स्की, कियारोस्तामी यांचे चित्रपट तिच्यातून आले. ही यादी लांबवत नाही, जाणकारांना ती पाठ आहे.

आम्हाला थांबायचंय ते 2008 च्या ‘समर अवर्स’पाशी. ओर्से संग्रहालयाला वीस वर्षं होत होती, त्या निमित्ताने काही दिग्दर्शकांकडून लघुपट करून घ्यायचे, असा मूळ बेत. तो फिसकटला. पण ओलिव्हिए आसायास यांनी त्यातून पूर्ण लांबीचा चित्रपट केला आणि निर्मितीला कार्मित्झ पिता-पुत्र आले.

गोष्ट साधी. आई जाते; मागे घर, कोरोची चित्रं, माजोरेलचं लिहायचं टेबल आणि तीन भावंडं. थोरल्याला घर ठेवायचंय, धाकटी दोघं परदेशात. वारसाकराचा प्रश्न येतो आणि वस्तू ओर्सेकडे जातात. मुलांच्या हातून फुटलेली देगाची शिल्पाकृती तर कपाटात प्लास्टिकच्या पिशवीत पडलेली! म्हाताऱ्या मोलकरणीला, एलोईझला, आठवण म्हणून काहीही घे म्हणतात. ती एक फुलदाणी उचलते, साधीच आहे असं समजून. मौल्यवान वस्तू घेणं तिला बरं दिसलं नसतं.

वाल्टर बेन्यामिन म्हणत असे, संग्राहक वस्तूंना उपयोगाच्या वेठीतून सोडवतो. आम्ही वर्षानुवर्षं हे वर्गात शिकवलं, खुशीत शिकवलं. हा चित्रपट पाहिल्यावर ती खुशी टिकली नाही. शेवटाकडे थोरला भाऊ संग्रहालयात येतो. त्यांचं टेबल तिथे आहे, लोक त्याच्यावरून नजर फिरवून पुढे जातायत. सुटका झाली खरी, पण कुणाची? एलोईझच्या फुलदाणीत फुलं असतील, संग्रहालयातली फुलदाणी रिकामी आहे.

चित्रपटात एक उणीव आम्हाला जाणवते. संग्रहालयाची माणसं फारच सभ्य आहेत. ओर्सेच्या दालनांत शिरून चित्रीकरण करायचं म्हणजे एवढी भीड पडणारच, असं म्हणता येईल. तरी यजमानाच्याच घरात बसून हा प्रश्न विचारला गेला, हे थोडं नाही.

आणि गंमत अशी, की कार्मित्झ स्वतः छायाचित्रांचे मोठे संग्राहक! 2017 मध्ये त्यांच्या संग्रहाचं प्रदर्शन पॅरिसच्या मेझाँ रूजमध्ये झालं, नाव ‘परका रहिवासी’. 2023 मध्ये पाँपिदू केंद्रात त्यांची छायाचित्रं केंद्राच्या संग्रहातल्या छायाचित्रांशेजारी लागली. निर्वासित मुलगा पुढे चेहरे जमवत गेला, हे आम्ही समजू शकतो. छायाचित्राला टेबलासारखं घर नसतं, ते मुळातच पाहण्यासाठी असतं. म्हणून भिंतीवर त्याचं फारसं बिघडत नाही, असं आम्हाला वाटतं. टेबलाचं मात्र बिघडतं.