तटस्थ कॅमेरा आणि कामगाराचा प्रश्न

श्रम हा चित्रपटाचा अगदी प्रारंभीचा विषय होय. १८९५ साली ल्युमिएर बंधूंनी ल्यों येथील आपल्या कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार टिपले. मात्र त्यांचा कॅमेरा दाराबाहेरच उभा राहिला. राहुल जैन यांचा ‘मशीन्स’ (२०१६) हा अनुबोधपट दाराच्या आत जातो. निरीक्षणप्रधान कलेचे सामर्थ्य व तिच्या मर्यादा यांचा विचार करावयाचा, तर ही कृती विशेष उपयुक्त ठरते.

सुरतेच्या परिसरातील एक कापडगिरणी हा तिचा विषय. येथे निवेदन नाही, भावना चेतविणारे पार्श्वसंगीतही नाही. भट्टीची आग, रंगांची पिंपे, कापडाचे ओझे वाहणारे देह, यंत्राशेजारी पेंगणारा मुलगा, ही दृश्ये पुरेसा वेळ आपल्यासमोर ठेवली जातात. त्यामागे निश्चित कलादृष्टी आहे. बारा तासांची पाळी हे केवळ वाक्यात सांगितल्याने कळत नाही. तिच्यातील पुनरावृत्तीचा भार प्रेक्षकाला काही काळ तरी सोसावा लागतो. या छायालेखनाला २०१७ मध्ये सनडान्स महोत्सवात पारितोषिक लाभले.

परंतु येथेच एक रास्त आक्षेप उद्भवतो. धूर, वाफ व रंग यांनी डोळा सुखावत असेल, तर कष्टाचे रमणीय चित्र करण्याचा दोष दिग्दर्शकाकडे येत नाही काय? शिवाय याच चित्रपटात गिरणीचा मालक पडद्यावर कामगारांची हालचाल न्याहाळताना दिसतो. त्याची नजर आणि कलावंताची नजर, दोन्ही दुरून पाहणाऱ्या. मग भेद कोणता?

त्याचे उत्तर कामगारच देतात. ते कॅमेऱ्याभोवती जमतात आणि विचारतात की, इतरांप्रमाणे तुम्हीही पाहून निघून जाल; आमचे काय? दिग्दर्शकापाशी उत्तर नाही, तरी तो प्रश्न तो गाळीत नाही. मालकाच्या पडद्याला कोणी जाब विचारू शकत नाही. कलावंताच्या कॅमेऱ्याला विचारता येतो. माझ्या मते याच एका प्रसंगाने ही कृती निव्वळ दृश्यविलासापासून वाचते.

गोमंतकातील रसिकाला हा निकष परका वाटू नये. डिचोली तालुक्यात लोहखनिजाच्या खाणी, ट्रकांच्या रांगा आणि मांडवीतून मुरगावकडे जाणाऱ्या बार्जी यांनी पिढ्यांचे जीवन घडविले व मोडलेही. २०१२ मध्ये खाणी थांबल्या. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ८८ पट्ट्यांचे नूतनीकरण रद्द केले. पुढे लिलावाने नवे पट्टे दिले गेले. पेडण्यात तुये येथे औद्योगिक वसाहत उभी राहिली आणि मोपाच्या पठारावर २०२३ च्या जानेवारीपासून विमाने उतरू लागली. पुंडलीक नायक यांनी ‘अच्छेव’ (१९७७) या कोंकणी कादंबरीत खाणीने पालटलेल्या गावाचे अंतरंग उघड केले. शब्दाला मनात शिरता येते. कॅमेऱ्याला हात, घाम आणि वाट पाहणे एवढेच दाखविता येते. पण तेवढे दाखविणेही थोडे नव्हे.

लाल मातीचे उघडे डोंगर चित्रात सुंदरच दिसतील. तेथे कॅमेरा घेऊन जाणाऱ्या कलावंताची कसोटी त्या सौंदर्यावर लागणार नाही. पाहिल्या जाणाऱ्या माणसाने उलट पाहिले व विचारले, तर ते क्षण तो आपल्या कृतीत राहू देतो की नाही, यावर त्याच्या तटस्थतेचे मोल ठरेल.