गोष्ट संपल्यावरचा आवाज

काळ्यांच्या साहित्याशी दलित साहित्याचे नाते जुने आहे. बाबासाहेबांनी १९४६ साली डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहिले. अमेरिकेत शिकून आलेल्या डॉ. म. ना. वानखेडे यांनी तिथल्या काळ्या लेखकांची ओळख आपल्या लेखकांना करून दिली. १९७२ साली पँथर हे नावच आपण तिकडून घेतले. परंतु आपण त्यांचा संताप घेतला, त्यांचे प्रेमगीत घेतले नाही. प्रेमगीत म्हणजे लढ्यातून काढलेली पळवाट, अशी आपल्या समीक्षेची समजूत होऊन बसली. ही समजूत पीबो ब्रायसन या गायकाच्या कारकिर्दीवर घासून पाहिली पाहिजे.

ब्रायसनचा जन्म १९५१ साली दक्षिण कॅरोलिनातील ग्रीनव्हिलचा. त्या राज्यात तेव्हा काळ्या मुलांच्या शाळा कायद्यानेच वेगळ्या होत्या. काळ्यांच्या चर्चमधले गाणे आणि त्यांच्या दुःखाचे ब्लूज यांतून ‘सोल’ संगीत जन्मले. ब्रायसन त्याच परंपरेतला. पण त्याने आरोळी ठोकली नाही, हळुवार प्रेमगीते गायिली. १९८३ साली रॉबर्टा फ्लॅकबरोबरच्या युगुलगीताने त्याचे नाव दूरवर गेले. पुढे डिस्नेच्या ॲनिमेशनपटांसाठी तो गायिला. १९९१ च्या ‘ब्यूटी अँड द बीस्ट’चे गाणे सेलीन डिऑनबरोबर आणि १९९२ च्या ‘अलादीन’चे रेजिना बेलबरोबर. दोन्ही गाण्यांना ग्रॅमी मिळाले. दुसरे तर मार्च १९९३ मध्ये अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेले.

प्रश्न पुढेच आहे. ही गाणी चित्रपटाच्या कथेत ब्रायसन गात नाही. तिथे पहिले गाणे अँजेला लॅन्सबरीच्या आवाजात आहे, दुसरे ब्रॅड केन आणि ली सलोंगा यांच्या. ब्रायसनचा आवाज येतो तो गोष्ट संपल्यावर, पडद्यावर नावे सरकत असताना, प्रेक्षक खुर्च्यांतून उठत असताना.

हा रेडिओवर गाणे खपवण्याचा व्यवहार होता आणि गोरी डिऑनही तिथेच गायिली, असे कोणी म्हणेल. ते खरे आहे. पण डिऑनच्या वर्णाच्या राजकन्या पडद्यावर होत्याच. याच डिस्नेने १९४१ च्या ‘डंबो’त काळ्यांची नक्कल करणारे कावळे दाखवले, त्यांच्या म्होरक्याचे नाव जिम क्रो, म्हणजे वर्णभेदी कायद्यांना पडलेले नाव, आणि त्याचा आवाज मात्र गोऱ्या नटाचा! डिस्नेची पहिली काळी राजकन्या यायला २००९ साल उजाडले. काळ्याचा आवाज हवा, पण त्याची गोष्ट नको, ही रीत आपल्याला नवी आहे काय? आपल्या गावात हलगी आमची, मिरवणूक त्यांची!

म्हणून ब्रायसनने प्रेमगीत गायिले हा त्याचा दोष मी मानीत नाही. ज्यांना माणूसच मानले नाही त्यांनी हळुवारपणे ‘मी प्रेम करतो’ म्हणणे, हेही माणूसपणाचे विधान आहे. उणीव त्याच्या गाण्यात नाही, गाण्याला मिळालेल्या जागेत आहे.

इथे लोकशाहीर विठ्ठल उमप आठवतात. भीमगीते गाणाऱ्या या शाहिराने ‘जांभूळ आख्यान’ही गाजवले. द्रौपदीचे मन सूतपुत्र म्हणून हिणवलेल्या कर्णाकडे ओढ घेते, अशी ती लोककथा. विषय प्रेमाचाच, पण उमप गोष्टीच्या शेवटी जोडलेला आवाज नव्हते. निवेदक तेच, द्रौपदीही तेच. कोणाची ओढ सांगायची आणि कशी सांगायची, हे त्यांच्या हाती होते. नोव्हेंबर २०१० मध्ये नागपूरला, दीक्षाभूमीवरच्या कार्यक्रमात, मंचावरच ते कोसळले आणि गेले. प्रेमाचे आख्यान गायिले म्हणून त्यांची बांधिलकी कमी झाली, असे म्हणण्याची कोणाची छाती आहे?

दीक्षाभूमीवर दरवर्षी भीमगीते घुमतात आणि त्यांतून नवे गायक घडतात. त्यांना उद्या चित्रपटवाले बोलावतील. त्यांनी जरूर जावे, प्रेमगीतेही गावीत. आपल्या समीक्षेने त्यांना ‘विद्रोह कुठे आहे?’ एवढेच विचारून थांबू नये. ‘तुझा आवाज गोष्टीत आहे की गोष्ट संपल्यावर?’ हे विचारावे. आणि तो गोष्टीत नसेल, तर नवी गोष्ट लिहिण्याची जबाबदारी त्या एकट्या गायकाची नाही. ती आपणा लिहिणाऱ्यांची आहे.