मॉरिशसचा इतिहास कोणाच्या तोंडून? तीन पुस्तकांचा विचार

आपल्याकडे मॉरिशसवर लेख आला की त्याची चाल ठरलेली असते. २ नोव्हेंबर १८३४ रोजी ‘ॲटलस’ जहाजातून ३६ मजूर पोर्ट लुईला पोचले. दगडाखाली सोनं मिळतं असं त्यांना सांगितलं होतं म्हणे. त्यांनी घाम गाळून दगडातून सोनं काढलं आणि १२ मार्च १९६८ ला त्यांच्या वंशजांनी झेंडा फडकवला. पुढे कोकणातून गेलेल्या मराठी मंडळींच्या गणेशोत्सवाचा एक परिच्छेद, की लेख पुरा. अभिमान वाटावा असं यात पुष्कळ आहे. पण बेटाचा इतिहास म्हणून ही गोष्ट अर्धीच आहे. अर्धी कशी, ते बघायला त्या बेटावरची तीन पुस्तकं शेजारी शेजारी ठेवून वाचावीत.

आधी एक मुद्दा. ‘युरोपीय संपर्कापासून स्वातंत्र्यापर्यंत’ ही चौकट सामोआसारख्या बेटांना लागू पडते, कारण तिथे आधीपासून माणसं होती. मॉरिशसवर १५९८ मध्ये डच उतरले तेव्हा वस्तीच नव्हती. मग संपर्क कोणाशी? डच, फ्रेंच, मादागास्कर-मोझांबिकहून आणलेले गुलाम, पाँडिचेरीचे कारागीर, बिहारचे आणि कोकणातले मजूर, चिनी दुकानदार, सगळे जहाजानेच आले. डचांनी ऊस आणला, शिसवीची जंगलं तोडली, डोडो पक्षी त्यांच्याच काळात नाहीसा झाला, आणि १७१० मध्ये ते निघून गेले. ‘मूळचे कोण’ याला उत्तर नसलेल्या जागी ‘सोसलं कोणी’ हाच हक्काचा पुरावा ठरतो. म्हणून तिथला इतिहास कोण सांगतो याला एवढं महत्त्व.

पहिलं पुस्तक बर्नार्दँ द सँ-पिएर यांची फ्रेंच कादंबरी ‘पॉल आणि व्हर्जिनी’, १७८८ सालची. लेखक १७६८ ते १७७० या काळात बेटावर इंजिनिअर होता. १७७३ च्या प्रवासवर्णनात त्याने गुलामांचे हाल उघडपणे मांडले होते. कादंबरीत मात्र निसर्गाच्या कुशीत वाढलेली दोन निष्पाप मुलं आणि त्यांच्या घरचे एकनिष्ठ गुलाम आहेत. १७४४ साली खरोखर फुटलेल्या ‘सँ-जेराँ’ जहाजावर शेवटी नायिका मरते आणि वाचक रडतो.

यातला एक प्रसंग मुद्दाम बघण्यासारखा आहे. मळ्यातून पळालेली एक गुलाम बाई मुलांच्या दारात येते. मुलं तिला खाऊ घालतात आणि मालकाने माफ करावं म्हणून तिला घेऊन परत त्याच्याकडे जातात. मालक माफीचा शब्द देतो. मुलं निघून गेल्यावर तिला साखळदंड पडतो, गळ्यात काटेरी कडं येतं. लेखकाने हे लपवलेलं नाही, हा त्याचा प्रामाणिकपणा. पण कथेचा कळवळा विनवणीपाशी थांबतो. तिला परत नेऊच नये, हे कोणाला सुचत नाही. त्या बाईला नावसुद्धा नाही. अशी पळालेली माणसं ज्या डोंगरात आसरा घेत, तो ल मोर्न २००८ मध्ये जागतिक वारसा यादीत गेला. कादंबरी प्रसिद्ध झाल्यावर २२० वर्षांनी!

दुसरं पुस्तक अभिमन्यु अनत यांची हिंदी कादंबरी ‘लाल पसीना’, १९७७ ची. इथे गिरमिटिया मजूर स्वतः गोष्टीच्या मध्यभागी आहे. पाच वर्षांचा करार, मालकाचा चाबूक, आणि एक दिवस गैरहजर राहिलं तर दोन दिवसांची मजुरी कापायची ही पद्धत. सरकारी कागदांत हे सगळं कोरडं दिसतं. अनतांनी त्याला अंग दिलं, म्हणून हे पुस्तक मोठं. गिरमिटियांच्या कादंबरीकडून गुलामांचा इतिहास मागणं अन्यायाचं होईल. तक्रार आहे ती आपल्या वाचण्याबद्दल. आपण तिला अख्ख्या बेटाची बखर करून टाकतो.

त्यामुळे दोन गोष्टी सुटतात. एक, १ फेब्रुवारी १८३५ ला गुलामगिरी संपली तेव्हा भरपाई मळेवाल्यांना मिळाली, वीस लाख पौंडांच्या वर. सुटलेल्या गुलामांना छदाम नाही. उलट त्यांच्यावर १८३९ पर्यंत उमेदवारीच्या नावाखाली सक्तीचं काम. त्यांनी मळे सोडले आणि त्यांच्या जागी आपली माणसं आली. म्हणजे गिरमिटाची गोष्ट गुलामीच्या गोष्टीतूनच निघते. ती वेगळी काढून सांगता येत नाही. दुसरं, ‘ॲटलस’च्याही आधी हिंदी माणसं तिथे होती. १८१० मध्ये इंग्रजांनी बेट घेतलं त्या फौजेत मुंबई-मद्रासचे शिपाई होते. १८१५ पासून बंगाल आणि मुंबई इलाख्यातले कैदी रस्ते बांधायला पाठवले जात. १८३६ मध्ये डार्विन तिथे उतरला तेव्हा त्यांच्याबद्दल त्याने लिहून ठेवलंय. गौरवग्रंथांत कैद्यांना जागा नसते, एवढंच.

तिसरं, व्ही. एस. नायपॉल यांचा १९७२ चा निबंध ‘द ओव्हरक्राउडेड बॅराकून’. बॅराकून म्हणजे गुलाम कोंडून ठेवायची वखार. शीर्षकातच निकाल आहे. साम्राज्याने रिकाम्या बेटावर आपल्या सोयीसाठी वसाहत उभी केली, गरज संपल्यावर स्वातंत्र्य हातात देऊन सोडून दिली, असा त्यांचा सूर. बेकार तरुण, परदेशी जायची धडपड, पोकळ राजकारण. निरीक्षण धारदार आहे आणि आपल्या गोडगोड लेखांवर चांगला उतारा आहे. तरी मूळ म्हणणं दोन ठिकाणी लंगडं पडतं.

स्वातंत्र्य नुसतं हातात दिलं गेलं नाही. १९३६ मध्ये मॉरिस क्युरे यांनी मजूर पक्ष काढला. १९३७ च्या संपात मजुरांवर गोळ्या झाडल्या गेल्या, आणि मजूरनेते इमॅन्युएल आँकेतिल यांना १९३८ मध्ये रॉड्रिग्जला हद्दपार केलं. १९४३ च्या गोळीबारात अंजलै कुपेन ही गरोदर बाई मारली गेली. १९४७ च्या घटनेने साध्या साक्षरतेवर मत दिलं, तेव्हा मजुरांना सही शिकवायला बासदेव बिसुनदयाल यांचे स्वयंसेवक गावोगाव फिरले. क्युरे आणि आँकेतिल हिंदी वंशाचे नव्हते, हेही लक्षात घ्या. आपले लेख १९०१ ची गांधीजींची भेट आणि १९०७ मध्ये गेलेले आपल्या बडोद्याचे बॅरिस्टर मणिलाल डॉक्टर इथवर येतात आणि उडी मारून थेट १९६८ ला पोचतात. मणिलालजींचं काम मोठंच, पण त्यांच्यामागून आलेल्यांना गाळून ते आणखी मोठं होत नाही.

आणि साम्राज्याने ‘सोडून दिलं’ हेही खरं नव्हे. त्याला हवं ते त्याने ठेवून घेतलं. नोव्हेंबर १९६५ मध्ये, स्वातंत्र्याची बोलणी चालू असतानाच, चागोस बेटं मॉरिशसपासून तोडली. मोबदला तीस लाख पौंड. १९६८ ते १९७३ या काळात तिथल्या सगळ्या रहिवाशांना, दीड-दोन हजार माणसांना, घरं सोडायला लावलं आणि दिएगो गार्सियावर अमेरिकेचा तळ आला. नायपॉल निबंध लिहीत होते त्याच वर्षांत ही जहाजं माणसं आणून उतरवत होती. यातले बहुतेक गुलामांचेच वंशज. २०१९ मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयाने मत दिलं की मॉरिशसची वसाहतमुक्ती कायद्याने पुरी झालीच नव्हती. मग १२ मार्च १९६८ वर पूर्णविराम कसा द्यायचा?

त्या तारखेबद्दलही जरा सांभाळून लिहावं. ऑगस्ट १९६७ च्या निवडणुकीत सुमारे ४४ टक्के मतं स्वातंत्र्याला विरोध करणाऱ्या पक्षाला पडली होती. जानेवारी १९६८ मध्ये पोर्ट लुईत क्रिऑल आणि मुसलमान वस्त्यांत दंगली झाल्या, ब्रिटिश सैन्य बोलवावं लागलं. हिंदू बहुमताच्या राज्यात आपलं काय होईल, ही धास्ती खरी होती. ‘आपली माणसं जिंकली’ असं आपण इथे बसून लिहितो, तेव्हा त्या धास्तीला आपणच दुजोरा देतो.

तिन्ही पुस्तकांत मला ‘लाल पसीना’ जवळचं वाटतं, आणि निबंधाचा राग उपयोगी वाटतो. पण एकावर विसंबू नये. मॉरिशसमध्ये १ फेब्रुवारी आणि २ नोव्हेंबर, गुलामगिरी संपल्याचा आणि मजूर आल्याचा, दोन्ही दिवस सुटी असते. त्या देशाने एवढं जुळवून घेतलंय. पुढच्या खेपेला आपल्यातला कोणी मॉरिशसवर लिहायला बसेल, तेव्हा त्याने दुसऱ्या तारखेआधी पहिली लिहावी, आणि शेवटी चागोसला विसरू नये. गणपतीचा परिच्छेद मग खुशाल घालावा.