वेशांतराविना बहुरूपी : रिकार्दो दारीनचा अभिनय

दर चित्रपटात चेहरा, चाल आणि आवाज बदलणारा तो अष्टपैलू नट, ही रूढ समजूत अर्जेंटिनाच्या रिकार्दो दारीन (जन्म १९५७) याला लागू पडत नाही. ब्यूनस आयर्समधील नट दांपत्याच्या पोटी जन्मलेला, बालपणीच अभिनयात आलेला आणि १९८०च्या दशकात ‘तेलेनोव्हेला’ या प्रेमकथात्मक दूरचित्रवाणी मालिकांचा देखणा नायक म्हणून गाजलेला हा अभिनेता पुढे चित्रपटात बहुधा एकाच शहरातला, मध्यमवर्गीय वळणाचा माणूस रंगवत आला. बदलत गेली ती त्या माणसाची नियत, आणि प्रेक्षकाने त्याच्यावर कितपत विसंबावे याचे प्रमाण.

फाबियान बिएलिन्स्की दिग्दर्शित ‘नुएवे रेइनास’मधला (नऊ राण्या, २०००) मार्कोस हा हाडाचा भामटा असून त्याची अखंड, लाघवी बडबड हेच त्याचे भांडवल आहे. खुआन खोसे काम्पानेलाच्या ‘एल इहो दे ला नोव्हिया’मध्ये (वधूचा मुलगा, २००१) जवळपास तीच बडबड कर्जाने पिचलेल्या उपाहारगृहमालकाच्या तोंडी येते, मात्र येथे ती स्मृतिभ्रंश झालेल्या आईला सामोरे जाणे टाळण्याची पळवाट ठरते.

हीच बडबड काढून घेतली तर काय उरते, याचे उत्तर बिएलिन्स्कीच्याच ‘एल आउरा’मध्ये (२००५) मिळते, आणि दारीनची सर्वश्रेष्ठ भूमिका कोणती या प्रश्नाचेही. अपस्माराने ग्रासलेला, मृत प्राण्यांच्या कातड्यांत पेंढा भरण्याचा व्यवसाय करणारा हा अबोल मनुष्य पहिल्याच दृश्यात एटीएमच्या फरशीवर शुद्धीवर येतो, उठतो आणि काहीच न घडल्यासारखा यंत्राकडे वळतो. नंतर पगाराच्या रांगेत उभा असताना तो निर्दोष दरोड्याची योजना सहकाऱ्याला ज्या सपाट स्वरात ऐकवतो, त्यातून त्याच्या बुद्धीची झेप आणि आयुष्याची कोंडी एकदमच उघड होते. दिग्दर्शकाच्या २००६ मधील अकाली निधनाने ही वाट तेथेच खुंटली.

त्यानंतरची कीर्ती सर्वज्ञात आहे : ऑस्करविजेता ‘एल सेक्रेतो दे सुस ओखोस’ (२००९), आणि मरणासन्न नटाच्या भूमिकेसाठी स्पेनचा गोया पुरस्कार मिळवून देणारा ‘त्रुमान’ (२०१५). सांतियागो मित्रेच्या ‘अर्जेंटिना, १९८५’मध्ये मात्र लष्करी राजवटीच्या म्होरक्यांवर खटला चालवणारे सरकारी वकील हुलिओ स्त्रासेरा साकारताना त्याने मिशा आणि जाड चष्म्याचा आधार घेतला. समारोपाचे भाषण तो आवेश आवरून, कागदावरून वाचत वजनदार करतो हे खरे. पण राजवटीच्या काळात न्यायव्यवस्थेतच नोकरी करून गप्प राहिलेल्या या वकिलाविषयी जी अस्वस्थता वाटायला हवी, ती दारीनच्या जन्मजात आपलेपणामुळे फार लवकर विरते. ज्या आपलेपणाचा बिएलिन्स्कीने प्रेक्षकाला फसवण्यासाठी वापर केला, तोच मित्रेने दिलासा देण्यासाठी खर्ची घातला आहे.